बारकी ऊर्फ भारती ऊर्फ सुनंदा

मामांना आईची फक्त एक सही हवी होती. घणसोलीतली आजोबांची जमीन संपादनात गेली होती, तिच्या बदल्यात साडेबारा टक्क्यांचा भूखंड होता, आणि आजोबांच्या पश्चात फाइलीला वारसांची नावं लागायची होती. वारस तीन: मोठे मामा, धाकटे मामा आणि आई. आईने हक्कसोडपत्रावर सही केली की काम सुटसुटीत होईल, असं धाकट्या मामांचं म्हणणं. आमच्या आगरी घरांत यात नवीन काही नाही. बहिणी सही करतात, भाऊ साडीचोळी करतात आणि माहेरचं दार उघडं राहतं. आईही तयार होती.

अडलं भलतीकडेच. वकिलांनी फेरफाराची नक्कल समोर ठेवली. आजोबा १९८१ साली वारले तेव्हाची वारस नोंद त्यात होती. दोन मुलगे, आणि त्यांच्याखाली 'मुलगी बारकी'. आईच्या आधार कार्डावर नाव सुनंदा. वकील म्हणाले, "हक्क आहे बारकीबाईंचा, आणि समोर बसल्यात सुनंदाबाई. यांनी सही केली तर हक्क सुटला कोणाचा?"

"मीच बारकी," आई म्हणाली.

"ते मला पटलं हो. कागदाला पटायला हवं."

म्हणजे हक्क सोडायचा तरी आधी तो आपलाच आहे हे आईने सिद्ध करायचं होतं. मामांना दुकान सोडून फिरणं शक्य नव्हतं, आईला एकटीला पाठवणं मला जमणार नव्हतं, म्हणून ही कामगिरी माझ्या गळ्यात पडली.

साडेबारा टक्के ही भानगड ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. १९७० साली सिडको ही सरकारी कंपनी स्थापन झाली आणि तेव्हाच्या ठाणे आणि कुलाबा (आताचा रायगड) जिल्ह्यांतल्या ९५ गावांच्या जमिनींवर नवी मुंबई वसवायचं ठरलं. १९८४ च्या जानेवारीत जासईच्या परिसरात दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली जमिनीच्या मोबदल्यासाठी आंदोलन झालं, गोळीबारात पाच जण हुतात्मा झाले. त्या लढ्यातून पुढे संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड मूळ मालकाला परत देण्याची योजना आली. या योजनेने गावातल्या घराघराला आपल्या आजोबा-पणजोबांचं नाव नीट काय होतं ते शोधायला लावलं. एरवी कोण कशाला बघतं?

बघायला गेलं की पहिली गोष्ट कळते ती ही, की जुन्या सातबारावर आडनाव बहुधा नसतंच. आमच्या आजोबांचं नाव होतं 'पोशा बिन जोमा'. बिन म्हणजे अमक्याचा मुलगा, शब्द अरबी. काही नोंदींत तिथे 'वलद' येतं, अर्थ तोच. बाईचं नाव असेल तर 'कोम', 'भ्रतार' किंवा सरळ 'मर्द' असं लिहून पुढे नवऱ्याचं नाव. 'मर्द' हा शब्द पहिल्यांदा वाचला तेव्हा मी रेकॉर्ड रूममध्ये एकटीच हसले. नावाशेजारी 'ए.कु.मॅ.' असेल तर एकत्र कुटुंबाचा मॅनेजर, 'अ.पा.क.' असेल तर अज्ञानाचा पालनकर्ता. गावात चार पोशा असले तरी पोशा जोमा एकच, आणि त्याचं शेत कोणतं हे तलाठ्यापासून गुराख्यापर्यंत सगळ्यांना माहीत. आडनावाची गरजच काय?

पोशा हे नाव हल्ली कोणी ठेवत नाही. आजोबा पौषात जन्मले म्हणून पोशा, असं घरात सांगतात. आमच्याकडची त्या पिढीची नावं म्हणजे निम्मं पंचांगच. सोमवारचा सोम्या, मंगळवारचा मंगळ्या, बुधवारचा बुध्या, शुक्रवारचा शुकऱ्या, फाल्गुनातला फागुन्या. जन्मदाखल्याची भानगड नसलेल्या काळात मुलाची तिथी नावातच ठेवून द्यायची, याहून सोयीचं काय असणार? दुसरा गठ्ठा दगडू, धोंडू, केरू या नावांचा. आधीची मुलं दगावली की पुढच्याला असं टाकाऊ नाव द्यायचं, म्हणजे काळाची नजर त्याच्यावर जायची नाही. मुलींच्या बाबतीत मात्र टाकाऊ नावाचं कारण नेहमीच इतकं मायेचं नसे. सातारा जिल्ह्यात २०११ साली 'नकुशी' नावाच्या २८५ मुलींची नावं सरकारी कार्यक्रमात बदलली गेली, ते अनेकांना आठवत असेल. मी आईला भीतभीत विचारलं की बारकी म्हणजे 'आता पुरे' असं काही होतं का. ती म्हणाली, "न्हाय गो. बारीक व्हती म्हनून बारकी."

जन्माची नोंद सापडली तर सगळं मिटेल अशी माझी समजूत. स्वातंत्र्याच्या आगेमागे जन्मलेल्यांची नोंद कोतवाल बुकात, म्हणजे गाव नमुना चौदामध्ये मिळते, म्हणून ठाण्याला अर्ज केला. नक्कल मिळाली. १९५७, श्रावणातली तारीख, बापाचं नाव पोशा जोमा, गाव घणसोली, आणि मुलाच्या नावाच्या जागी एकच शब्द, 'मुलगी'. नाव ठेवायच्या आधीच पाटलाकडे नोंद व्हायची, नंतर नाव भरायला कोण जातंय. त्या पानावर जवळजवळ सगळीच बाळं अशी बिननावाची, नुसती 'मुलगा' आणि 'मुलगी'. आजच्या कायद्यात नोंदणीनंतर पंधरा वर्षांपर्यंत जन्मदाखल्यात नाव भरता येतं. आईची ती मुदत कधीच उलटून गेली होती.

मग शाळा. गावातल्या मराठी शाळेत आई चौथीपर्यंत होती. मुख्याध्यापिकाबाईंनी जुनं जनरल रजिस्टर काढलं. बारकी कुठेच नाही. पानं उलटता उलटता आजोबांचं नाव दिसलं आणि त्याच्या आधी लिहिलेलं 'भारती'. भारती पोशा पाटील, जन्मतारीख १ जून १९५७. (एक जूनला जन्मलेली अख्खी पिढी महाराष्ट्रात आहे, त्यामागे श्रावणही नाही की ग्रहही नाहीत, शाळा जूनमध्ये सुरू होते इतकंच.) घरी येऊन आईला विचारलं, तर ती सहज म्हणाली, "हां, मास्तरनी ठेवलेला. बारकी बोलला तर मास्तर बोलला, भारती लिव्हतो." साठाच्या दशकातला तो मास्तर. देश नवा, वर्गातल्या पोरीचं नाव बारकी. त्याने 'ब'चा 'भ' केला, 'क' काढून 'त' घातला आणि तिला थेट भारतवर्षाशी जोडून टाकलं. मला त्याचा राग येत नाही. फक्त चौथीनंतर त्या नावाने तिला कोणी हाक मारली नाही, आणि आता साठ वर्षांनी मला ती भारती वकिलासमोर उभी करायची होती.

रजिस्टरने आणखी एक गाठ मारून ठेवली होती. भारती पाटील, मोठे मामा पाटील, पण धाकटे मामा मढवी. सख्खे भाऊ, दोन आडनावं. भावकी सगळी मढवी. मग पाटील आलं कुठून? मोठ्या मामांनी सांगितलेली हकिकत अशी की, त्यांचं नाव शाळेत घालायला आजोबा एकटे जायला बुजले, म्हणून गावच्या पाटलांना सोबत घेऊन गेले. मास्तरांनी "आडनाव?" विचारलं. आजोबा गप्प. पाटलांना वाटलं आपल्यालाच विचारलं, ते म्हणाले "पाटील." मास्तरांनी लिहून घेतलं. आई धाकटी, तिच्या वेळी मोठ्या भावाचं बघून तेच लागलं. धाकट्या मामांना मात्र चुलत्यांनी शाळेत नेलं, आणि ते मढवी झाले. हकिकतीत मीठ-मसाला किती हे मामाच जाणोत, पण नवी मुंबईतल्या गावांत पाटील किती आहेत ते पाहिलं तर पाटीलकी दर चौथ्या घरात होती असं मानावं लागेल.

दोन्ही मामा एकाच पोशाचे मुलगे हे दाखवायला आजोबांच्या वडिलांच्या वेळची नोंद हवी होती आणि ती निघाली मोडीत. मोडी वाचणाऱ्यांना गेल्या काही वर्षांत सोन्याचे दिवस आलेत. २०२३ पासून कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला तेव्हापासून त्यांच्याकडे रांगा आहेत. आम्हाला ठाण्यात एक निवृत्त काका भेटले. कोर्ट नाक्यापासून चालत जाण्याच्या अंतरावर जुन्या इमारतीत दुसरा मजला. त्यांनी आमचं पान पाच मिनिटांत वाचलं आणि पुढचा तासभर आडनावांवर बोलले. अख्ख्या धावपळीतला तो एक तास मला सगळ्यात आवडला.

पाटील हा शब्द जुन्या ताम्रपटांतल्या 'पट्टकील' वरून आला. आमच्या भागात भरमसाट असलेले म्हात्रे म्हणजे 'महत्तर', गावातला वडीलधारा, पंच. मढवी हाही पाटलाच्या हाताखालचा गावकामगार, असं काकांचं म्हणणं. "म्हणजे तुमच्या घरात मढवी खरं असेल, तर पाटलाच्या शेजारी उभं राहायची सवय जुनीच," ते म्हणाले. चौगुला पाटलाचा मदतनीस, कुलकर्णी गावचा हिशेब लिहिणारा, देशपांडे परगण्याचा. चिटणीस, फडणीस, पोतनीस यांच्यातला 'नीस' म्हणजे फारसी 'नवीस', लिहिणारा. कोळीवाड्यातला तांडेल नावेचा प्रमुख, आणि नाखवा हा फारसी 'नाखुदा' चा घरगुती अवतार, त्याचाही अर्थ नावेचा धनी. कुलकर्णी वतनं १९५० च्या कायद्याने गेली, महसुली पाटीलकी १९६२ च्या कायद्याने. पदं सरकारने काढून घेतली, ती आडनावं होऊन शाळेच्या रजिस्टरात बसली होतीच.

ठाणे हे या विषयासाठी फार चांगलं शहर आहे, हेही काकांनीच दाखवून दिलं. बेने इस्रायली ज्यू मंडळींचं १८७९ चं सिनेगॉग इथे आहे. त्यांची जुनी आडनावं पाहा: पेणकर, रोहेकर, किहीमकर, नवगावकर. कुलाब्याच्या किनाऱ्यावर ज्या गावात तेलाचा घाणा होता त्या गावाला 'कर' लावला की आडनाव तयार. शनिवारी काम बंद ठेवणारे म्हणून लोक त्यांना 'शनिवार तेली' म्हणायचे. ठाणं १७३७ पर्यंत पोर्तुगीजांकडे होतं, त्यामुळे इथल्या जुन्या ख्रिस्ती वस्त्यांत परेरा, फर्नांडिस आहेत. घरात बोली मराठी, पदार्थ कोकणी, आणि परेरा म्हणजे पोर्तुगीजमध्ये नासपतीचं झाड! ठाण्यात नासपती कोणी लावली होती? बाप्तिस्म्याच्या वेळी पाद्री किंवा धर्मपिता यांचं आडनाव मिळायचं, ते राहिलं. काका चहाचा कप ठेवत म्हणाले, "तुमच्या आजोबांना शाळेत जे झालं तेच. कोण शेजारी उभा होता त्यावर ठरलं."

हल्ली बाळाच्या नावांची पुस्तकं आणि ॲप असतात, त्यात प्रत्येक नावापुढे अर्थ लिहिलेला असतो. अर्थ सगळे एकजात गोड, तेजस्वी आणि संस्कृत. मला आता त्यात फारसा रस उरलेला नाही. नाव कोणी लिहिलं, कशासाठी लिहिलं आणि त्या वेळी समोर कोण होतं, यात जास्त मजा आहे.

तर बारकी आणि भारती यांच्यातला दुवा बापाच्या नावाने जुळला. उरलं सुनंदा. आईचं लग्न १९७६ सालचं, नोंदणी वगैरे काही नाही. लग्न लावलं धवलारणींनी, म्हणजे लग्नाची गाणी म्हणणाऱ्या बायकांनी, धवळे गाऊन. पण नवरीचं नाव बदलायची पद्धत तोवर आमच्या घरात शिरली होती. ताटात तांदूळ पसरले, बाबांनी अंगठीने त्यात 'सुनंदा' लिहिलं. का बदललं हे मी आजवर कधी विचारलं नव्हतं. कारण साधंच निघालं: माझ्या आजीचं, म्हणजे आईच्या सासूचं नावही बारकी होतं. घरात दोन बारक्या झाल्या असत्या. सुनेला हाक मारताना सासूचं नाव तोंडात येणार, ते कसं चालेल? सुनंदा का, तर करावे गावात नवीन आलेल्या नर्सबाईंचं नाव सुनंदा होतं आणि आत्याला त्या फार आवडायच्या.

हा दुवा सापडला मामीच्या पत्र्याच्या पेटीत. पिवळी पडलेली लग्नपत्रिका, तिच्यात 'चि. सौ. कां. भारती (बारकी)' आणि खाली बाबांचं संपूर्ण नाव, गाव करावे. पत्रिका छापायला देताना शाळेतलं नाव भारदस्त वाटलं म्हणून कोणीतरी ते पुढे घातलं, आणि बारकी लिहिलं नाही तर गावाला कळणार नाही म्हणून कंसात तेही. त्या कोणाचे तरी उपकार. वकिलांनी पत्रिका दोन्ही हातांनी धरली.

प्रतिज्ञापत्र केलं: बारकी, भारती आणि सुनंदा ही तिन्ही एकाच व्यक्तीची नावं. त्यासाठी आईला ओळखणाऱ्या दोन वयस्क बायका साक्षीला नेल्या. तिथे नोटरींनी आईला विचारलं, "पतीचं नाव?" आई माझ्याकडे बघायला लागली. बाबांना जाऊन इतकी वर्षं झाली, पण ते नाव तिने उखाण्याबाहेर कधी घेतलेलं नाही. नोटरींनी पुन्हा विचारलं तेव्हा म्हणाली, "हिच्या बापाचा लिवा." साक्षीदार मावशी मदतीला धावल्या आणि मोठ्याने बाबांचं नाव सांगून मोकळ्या झाल्या. मग त्यांच्याच आधार कार्डावर आणि मतदार ओळखपत्रावर दोन वेगळी नावं निघाली, पण ती गोष्ट त्यांची, त्यांच्या मुलीने लिहावी.

वारसदाखला दिवाणी न्यायालयातून. त्यामागचा आधार अजून १८२७ चा मुंबई रेग्युलेशन आठ आहे हे कळल्यावर मला धक्काच बसला, आजोबांचे आजोबाही तेव्हा जन्मले नसतील. कोणाची हरकत असेल तर कळवा, अशी जाहीर नोटीस निघाली. ती वर्तमानपत्रात आली तेव्हा आईने तीन नावांखाली बोट फिरवत वाचली. मुलीचा हक्क कसा कसा वाढत गेला तेही याच निमित्ताने वकिलांकडून ऐकलं: १९५६ च्या कायद्याने बापाच्या हिश्शात वारस, १९९४ च्या महाराष्ट्राच्या दुरुस्तीने मुलींना जन्मतः हक्क मिळाला पण त्याआधी लग्न झालेल्या वगळल्या, २००५ साली देशभर सगळ्या मुली आत आल्या, आणि २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने बाप तेव्हा हयात असण्याची अटही काढली. आई हे सगळं लक्ष देऊन ऐकत होती, तेव्हा माझ्या ते लक्षात आलं नाही.

बँक आणि बाकीच्या कामांसाठी राजपत्रही करून घेतलं. अर्ज ऑनलाइन भरता येतो. जुनं नाव, नवीन नाव, कारण आणि पुरावे. काही आठवड्यांनी महाराष्ट्र शासन राजपत्राच्या भाग दोनमध्ये एक छोटी नोंद छापून येते. आईची आली त्या पानावर एकाने न्यूमरॉलॉजीसाठी नावात एक जादा 'ए' घातला होता, दोघींनी घटस्फोटानंतर माहेरचं आडनाव परत घेतलं होतं, आणि एकाने एक शिवीसारखं ऐकू येणारं आडनाव बदलून गावाच्या नावाला 'कर' लावला होता. मी पूर्ण पान वाचलं. आईने आपली नोंद बघितली आणि विचारलं, "यात मना कंचा नाव सोरला असा लिवलाय?"

याच दरम्यान नेरूळला भावाला मुलगी झाली. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळाचं नाव महाराष्ट्रात आता चार भागांचं असतं: स्वतःचं, आईचं, वडिलांचं, आडनाव. वहिनीने लग्नात नाव बदललं नव्हतं, तेव्हा घरात थोडी कुजबुज झाली होती. आता तिचं माहेरचं नाव जसंच्या तसं नातीच्या नावात गेलं. भावाने फॉर्म भरताना मला फोन करून विचारलं, "ताई, आपण जन्मलो तेव्हा हे असतं तर आपल्या नावात आईचं कोणतं नाव आलं असतं?" मी सांगितलं, फॉर्म कोण भरतंय त्यावर.

वारसदाखला हातात आला. त्यात आमच्या आईचं नाव बाबांच्या नावासकट 'सुनंदा ऊर्फ भारती ऊर्फ बारकी' असं आहे. धाकटे मामा त्याच रविवारी पेढे घेऊन आले, पिशवीत हक्कसोडपत्राचा मसुदा. आईने पेढे देवापुढे ठेवले, चहा टाकला आणि मसुदा वाचायला घेतला. वाचून झाल्यावर चष्मा काढून म्हणाली, "एवरी नावा गोला केली, आता सोरायची कशाला घाई? भूखंड कुठं हाय तो तरी बघू दे."

मामा चिडले नाहीत. त्यांनी मसुदा घडी करून परत पिशवीत ठेवला, दुसरा पेढा घेतला आणि मला बाजूला बोलावून विचारलं की ते राजपत्राचं काम मला पुन्हा करता येईल का. त्यांच्या नातवाला मढवी सोडून पाटील व्हायचंय. पोरगा म्हणतो, गाडीच्या मागच्या काचेवर पाटीलच भारी दिसतं.